तीन तिरपे, एक खाली

सुधीरला डागाची किळस होती, आणि त्या किळसेवरच त्याचं घर चालायचं.

तुयेच्या औद्योगिक वसाहतीत गोकुळदासांचा छपाईचा कारखाना होता. कारखाना म्हणायचं आपलं. पत्र्याची एक शेड, फलक छापणारं एक रुंद यंत्र, कापायचं-चिकटवायचं लांब मेज, आणि कोपऱ्यात काचेची खोली. त्या खोलीत संगणकासमोर सुधीर बसायचा. मूळचा आजऱ्याकडचा. आधी कोल्हापुरात एका फोटो स्टुडिओत तो निगेटिव्हवरचे डाग बारीक ब्रशाने भरायचा. निगेटिव्ह गेल्या, मागोमाग स्टुडिओ गेला, आणि सुधीर बायकोला घेऊन गोव्यात आला. काम मात्र तेच राहिलं. हॉटेलाचा मेनू असो, जत्रेचा फलक असो की नवरानवरीचा फोटो, छपाईआधी फाईल त्याच्या डोळ्याखालून जायची. चित्र चौपट मोठं करून तो पट्टीपट्टीने फिरायचा. धूळ, केस, माशीची शीट, काहीही दिसलं की शेजारचा रंग उचलून त्यावर फासायचा.

नवा ब्रश हातात घेतला की आधी रद्दी कागदावर चार ठिपके देऊन बघायची त्याची सवय होती. तीन तिरपे, एक खाली. त्याच्या आईच्या, सोनाबाईच्या, मनगटावर तसं गोंदण होतं. लहानपणी तिच्या मांडीवर पडल्या पडल्या तो त्यावरून बोट फिरवायचा. ती जाऊन सहा वर्षं झाली, बोटाची सवय गेली नव्हती. सासूला आत्याबाई म्हणणाऱ्या त्याच्या बायकोलाही ते गोंदण चांगलं ठाऊक होतं. संगणकावरही ब्रश बदलला की तेच चार ठिपके पडायचे, आणि मग तो ते पुसायचा.

गोकुळदास डिचोलीचे. माणूस भला, पण गिऱ्हाइकाला टरकून असायचा. मार्चमध्ये एका हॉटेलाने मेनूंचा अख्खा गठ्ठा परत पाठवला तेव्हा ते घाम पुसत काचेच्या खोलीत आले.

"सुधीर, मेनू परत धाडले रे! भाताच्या फोटोवर काळो ठिपको आसा म्हणता. लोकांक उंदराची लेंडी दिसता!"

चूक यंत्राची होती, पण सुधीरला ते शब्द चिकटले. त्या दिवसापासून तो दुपटीने कडक झाला. ठिपका म्हणून सुटता कामा नये.

एप्रिल २०१५. काजूची बोंडं झाडाखाली सडायला लागलेली, त्यांचा आंबूस वास तुयेपासून पार्श्यापर्यंत रस्त्याने सोबत करायचा. पार्श्यात सुधीर आणि दीपा चंद्रावतीकाकींच्या घरामागच्या दोन खोल्यांत भाड्याने राहायची. दीपाला दोन महिने होत आले होते. ही तिसरी खेप. आधीच्या दोन्ही तिसऱ्या महिन्याच्या तोंडावर गेल्या होत्या, आणि दोन्ही वेळा जायच्या आधी तिच्या उलट्या एकाएकी थांबल्या होत्या. त्यामुळे या खेपेला ती रोज सकाळी मोरीत ओकायला लागली की सुधीरला बरं वाटायचं. बायको ओकतेय आणि नवरा खूश, असा प्रकार होता.

म्हापशाच्या दवाखान्यात पहिली सोनोग्राफी झाली, तिची चिठ्ठी तो शर्टाच्या खिशात घेऊन फिरायचा. काळ्या-करड्या भुरभुरीच्या मध्यभागी एक काळी पोकळी, आणि त्या पोकळीत तांदळाच्या कणीएवढा पांढरा ठिपका. पडद्यावर तो लुकलुकत होता. "हा ठोका," डॉक्टरीणबाई म्हणाल्या होत्या. आयुष्यभर ठिपके बुजवणाऱ्या माणसाला तेवढा एक ठिपका ठेवावासा वाटला.

त्याच सुमाराला ते काम आलं. डिचोलीच्या एका हायस्कुलात विज्ञान शिकवणाऱ्या देवकी टीचरनी पेनड्राइव्ह आणून दिला. पृथ्वीभोवती फिरणाऱ्या एका मोठ्या दुर्बिणीला पंचवीस वर्षं होत होती. तिने काढलेल्या दूरच्या अंतराळाच्या बारा चित्रांचं प्रदर्शन शाळेत लागायचं होतं. बारा फलक, प्रत्येक दाराएवढा.

पहिली अकरा चित्रं सुधीरने नाक मुरडून बघितली. लोक म्हणे त्यांना सुंदर म्हणतात. त्याला दिसली ती कोंबडी सोलल्यावर पानावर काढून ठेवलेली आतडी. कुठे पिकल्या गळवाचा पिवळा, कुठे यकृताचा तपकिरी, कुठे फुप्फुसाचा फेसाळ गुलाबी. सगळं ओलं, सगळं फुगत चाललेलं. 'आभाळाचं पोट फाडलंय कुणीतरी,' असं पुटपुटत त्याने अकराही चित्रं उरकली. तिथे साफ करण्यासारखं काही नव्हतं. घाणीतली घाण काढायची कशी?

बारावं चित्र काळं होतं. नुसतं काळं, आणि त्यावर हजारो बारके कण. त्याने ते चौपट केलं आणि तोंड वाकडं केलं. कसली धूळ ही! कण गोलही नव्हते. काही चपटे, काही वाकडे, काही मधोमध फुगलेले, दोन-चार पिळदार, सुकलेल्या शेंबडासारखे. केसांत लिखा दिसाव्यात तसे ते सगळीकडे चिकटले होते. सात-आठ ठिपक्यांना तेवढे चार-चार किरण होते. त्या चांदण्या. चांदणी म्हणजे तिला टोकं असणार, एवढं शेंबड्या पोरालाही कळतं. बाकी सगळा कचरा.

दोन दिवस तो ते चित्र साफ करत होता. गावाकडे म्हशीच्या कासेतले गोचीड ओढून काढताना जी शिसारी आणि जे समाधान एकत्र यायचं, तेच इथे येत होतं. ठिपका. पूस. ठिपका. पूस. एक पिळदार मोठा ठिपका पुसताना त्याच्या जिभेवर गंजल्या लोखंडाची चव आली. त्याने उठून चूळ भरली आणि परत बसला. बुधवारी संध्याकाळी चित्रात सात-आठ चांदण्या आणि निर्मळ काळोख उरला. त्याने ते पेनड्राइव्हवरच्या मूळ फाईलवरच साठवलं. निगेटिव्हची कधी कुणी आधी प्रत काढतं का? तो जन्मभर मुळावरच काम करत आला होता.

गुरुवारी फलक छापून निघाला. सुधीरने त्यावरून तळहात फिरवला. तो कुठेच अडला नाही.

संध्याकाळी घरी पोहोचला तर चंद्रावतीकाकी मागच्या दारी पायरीवर बसल्या होत्या. पुढ्यात विळी, विळीपाशी चिरलेली पपई.

"रे सुधीर, हे बघ मरे," त्या म्हणाल्या. "ह्या पोपायेक बियोच नाय!"

पपई पिकलेली, केशरी होती. पण आत जिथे काळ्या बियांची गर्दी असते तिथे लांबट पोकळी होती, आणि पोकळीची कड माणसाच्या तोंडातल्या टाळूसारखी गुळगुळीत आणि ओली होती. काकींनी आणखी एक चिरली. तीही तशीच.

"नवी जात असेल, काकी. हल्ली निघतात बिनबियांच्या."

"खंयची नवी जात? माझ्या हातान लायलेलां झाड ता. वीस वर्सां खातंय मी."

सुधीरने एक फोड उचलली आणि परत ठेवली. त्याला ती खाववेना.

शुक्रवारी कोळीण दारावर आली. दीपाने सहा बांगडे घेतले आणि मोरीत साफ करायला बसली. थोड्या वेळाने तिची हाक आली, ओरडण्यासारखी. सुधीर गेला. बांगडे ताजे होते, पाठीवर निळी झाक होती, कल्ले लाल होते. डोळे नव्हते. कुणी काढले असते तर खोबण राहिली असती. इथे डोक्यावर दोन्ही बाजूंनी सलग कातडी होती, चकचकीत, ताणलेली. दीपाने बोटाने दाबून बघितलं तर खाली काही लागेना.

काकींनी कोळणीला रस्त्यावरून परत बोलावलं. ती बिचारी पाटीत हात घालून एकेक बांगडा उलटापालटा करू लागली.

"माझ्या पोरांची शपथ गो बाय," ती म्हणाली, "सकाळी होते डोळे. मी बघून घेतले मा."

तिने पाटी डोक्यावर घेतली नाही. ती कुंपणापाशी ठेवून, हात साडीला पुसत पुसत निघून गेली. दुपारभर पाटीवर माशाही बसल्या नाहीत.

रात्री जेवताना सुधीरने दीपाकडे बघितलं आणि त्याचा घास हातात राहिला. दीपाच्या हनुवटीवर डाव्या बाजूला तीळ होता. लग्नाच्या फोटोत स्टुडिओवाल्याने तो काढायचा म्हटल्यावर सुधीर त्याच्याशी भांडला होता. साऱ्या जगातला तो एकच डाग त्याला आवडायचा. आता तिथे कातडी होती. नितळ, एकसारखी, शेजारचा रंग उचलून फासल्यासारखी.

उजेड कमी असेल, असं त्याने स्वतःला सांगितलं. माणसाचं मन फार गुणी असतं. हवं तेव्हा उजेड कमी करतं.

शनिवारी सकाळी मोरीतून आवाज आला नाही. दीपा खाटेच्या कडेला बसून होती, दोन्ही हात पोटावर.

"अवो," ती हळू म्हणाली, "आज मळमळलंच न्हाई मला."

"बरंच झालं की."

"बरं काय झालं? मागल्या दोन्ही टायमाला असंच झालं हुतं. तुमास्नी ठावं हाय." ती रडत नव्हती. तिचा चेहरा नुसता कोरा होता. "आतून कसं पुसून काढल्यागत वाटतंय."

सुधीरने लगेच डॉक्टरीणबाईंना फोन केला, त्यांनी बुधवारी यायला सांगितलं. इतक्या सुरुवातीला काही करण्यासारखं नसतं, म्हणाल्या.

तो कामावर गेला तो डोकं घरी ठेवूनच. दहा वाजता देवकी टीचर नमुने बघायला आल्या. अकरा फलकांपाशी त्या कौतुकाने थांबल्या. बाराव्यापाशी त्यांनी चष्मा काढला, पुसला, परत लावला.

"ह्यातलं सगळं कुठे गेलं?"

"धूळ होती टीचर, भयंकर. दोन दिवस लागले काढायला."

देवकी टीचर आधी हसल्या. मग त्यांच्या लक्षात आलं की हा माणूस गंमत करत नाही.

"अहो सुधीर, हे टोकांचे जे ठेवलेत ना तुम्ही, ते आपल्याकडचे तारे. अगदी जवळचे. आणि जे पुसलंत, तो एकेक ठिपका म्हणजे अख्खी दीर्घिका. एकेकीत अब्जावधी सूर्य. एवढुशा काळ्या तुकड्याकडे त्या दुर्बिणीने दिवसच्या दिवस बघितलं, तेव्हा कुठे ते दिसले. तिथे काहीच नाही असं लोकांना वाटायचं." त्यांनी फलकाकडे बोट केलं. "तुम्ही परत काहीच नाही करून ठेवलंत."

सुधीरचा हात खिशाकडे गेला. चिठ्ठी काढून त्याने बघितली. काळी पोकळी होती. पोकळीत काही नव्हतं. कागद जुना झाला की ती छपाई उडते, हे त्याला धंद्यामुळे पक्कं ठाऊक होतं. उडते तेव्हा सगळी उडते, हेही ठाऊक होतं. भोवतालची भुरभूर तशीच गडद होती.

"मूळ फाईल द्या टीचर. आत्ता द्या."

"मूळ तुमच्याकडेच होती. पेनड्राइव्हवर." त्यांनी त्याच्याकडे नीट बघितलं. "बरं वाटत नाही का तुम्हाला? अहो, नेटवर मिळेल ती. सोमवारी आणते."

पण नेट बंद होतं. रस्त्याच्या कामात कुठेतरी केबल तुटली होती. तुये, पार्से, पेडणे, सगळीकडे शुकशुकाट. फोनवरही नुसतं चक्र फिरायचं. सोमवारी म्हणजे दोन दिवस. दोन दिवसांत काय काय पुसलं जाईल?

टीचर गेल्या आणि सुधीरने ब्रश उघडला.

सुरुवातीला तो आठवून आठवून टाकत होता. इथे वर चपटा होता, इथे जोडी होती, इथे तो पिळदार. ज्यांची त्याला शिसारी आली होती ते सगळ्यांत आधी आठवले. पण हजारो ठिपके कोण लक्षात ठेवतो? तासाभराने आठवण संपली आणि हात चालू लागला. ठिपका, ठिपका, ठिपका. गोकुळदासांनी चहा पाठवला, तो साय धरून गार झाला. कमी पडायला नकोत, एवढंच डोक्यात होतं. जास्त झाले तर झाले, आभाळाला काय तोटा! दुपारी तीनपर्यंत काळोख परत भरला. नीट बघितलं असतं तर कुणालाही दिसलं असतं की तो आता दुर्बिणीचा काळोख राहिला नव्हता. जिथे हात बेसावध झाला होता तिथे तीन तिरपे आणि एक खाली असं पडलं होतं. एकदा नाही, ठिकठिकाणी. डाव्या खालच्या कोपऱ्यातलं तर अगदी ठसठशीत. ते पुसायचं त्याच्या जिवावर आलं. पुसणं आता नकोच होतं.

फलक छापला. शाई वाळली तरी त्यावरून हात फिरवताना तळव्याला बारीक खडबड लागत होती, घामोळ्यांवरून हात फिरवल्यासारखी. त्याने हात पँटला पुसला.

रविवारी पहाटे मोरीतून ओकण्याचा आवाज आला. सुधीर खाटेवर उठून बसला आणि हुंदके देऊन रडला. दीपा तोंड पुसत आली; ओकून ओकून दमलेली, घामेजलेली, आणि हसत. हनुवटीवर तीळ होता. काळाभोर, जागच्या जागी. त्याने तो अंगठ्याने दाबून बघितला.

"काय बघताय खुळ्यागत?"

"काय न्हाई. हाय."

"काय हाय?"

"सगळंच हाय."

पाववाला पोदेर आला तेव्हा सुधीरने चौघांना पुरतील एवढे पाव घेतले. जगात त्याच्याएवढा सुखी माणूस त्या सकाळी नव्हता.

सोमवारी टीचर रिकाम्या हाताने आल्या. नेट अजून आलं नव्हतं. बाराव्या फलकापाशी त्या जरा जास्त वेळ थांबल्या. "चालेल," म्हणाल्या शेवटी. "मुलं काय मोजत बसणार आहेत?" गोकुळदासांच्या टेम्पोतून बाराही फलक डिचोलीला गेले.

त्या दुपारी काकींनी पपई चिरली आणि विळी टाकून उठल्या. बिया पोकळीत होत्या. गरातही होत्या. सालीतूनही अर्ध्या बाहेर आल्या होत्या, काळ्या, बुळबुळीत, एकमेकींना चिकटून. पपई हातात धरली की तळव्याखाली त्या हलल्यासारख्या वाटत.

दीपाच्या कानामागे नवा तीळ होता. संध्याकाळी मानेवर आणखी दोन.

मंगळवारी कोळीण आली नाही. काकी स्वतः पेडण्याच्या बाजारात गेल्या, आणि आल्या त्या पिशवी दूर धरून. सुधीर नुकताच जेवायला घरी आला होता.

"तू बघ. माका बघवना," त्या म्हणाल्या आणि पदर तोंडावर धरला.

बांगड्यांना डोळे होते. डोक्यावर होते, कल्ल्यांवर होते, पाठीच्या निळ्या रेघेवर शेपटीपर्यंत ओळीने होते. गोल, ओले, ताजे. पिशवीत एकावर एक पडलेले ते मासे सगळ्या बाजूंनी वर बघत होते. सुधीर तिथेच कुंपणाला धरून ओकला. काकींनी पिशवी माडाखाली पुरली. त्यांचं मांजर दिवसभर त्या जागेच्या आसपास फिरकलं नाही.

"देवाक गाऱ्हाणां घालूक व्हया," काकी म्हणाल्या. "कोणाच्या तरी हातान कायतरी चुकलां, रे."

सुधीर मान खाली घालून उभा राहिला. चुकलेला हात त्याने पाठीमागे धरला होता.

तो कारखान्यात परत गेला तेव्हा नेट आलं होतं. देवकी टीचरचं चित्र त्याला पाच मिनिटांत मिळालं. ते एका बाजूला आणि स्वतःचं दुसऱ्या बाजूला ठेवून तो बसला. खरं चित्र शांत होतं. त्यात जागा होती. त्याच्या चित्रात जागाच नव्हती. सडल्या बोंडावर चिलटं बसावीत तसे ठिपक्यांवर ठिपके. ते बघून त्याला स्वतःच्या बोटांची किळस आली.

एक कळ दाबली की खरं चित्र खोट्याच्या जागी बसलं असतं. पण बसण्याआधी खोटं पुसावं लागलं असतं. क्षणभर का होईना, सगळं.

आणि दीपा आज सकाळी तीनदा ओकली होती.

मग जादाचे तेवढेच काढावेत असं त्याने ठरवलं. ब्रश एका ठिपक्यावर नेला. बोट कळीवर ठेवलं.

हाच असला तर?

त्याने शेजारच्यावर नेला. हा असला तर?

पाच वाजेपर्यंत तो तसाच बसून होता. एकही ठिपका पुसला नाही. फाईल बंद करून घरी आला.

बुधवारी सकाळी ती दोघं म्हापशाच्या दवाखान्यात पोहोचली. दीपाने ठेवणीतली हिरवी साडी नेसली होती आणि मानेवरचे तीळ पदराने झाकले होते. डॉक्टरीणबाई गप्पिष्ट. पोटावर जेल लावताना त्या उकाड्याबद्दल बोलल्या, यंदाच्या आंब्याबद्दल बोलल्या. मग त्यांनी यंत्र पोटावर टेकवलं.

आंब्याचं वाक्य अर्ध्यावर राहिलं.

त्यांनी यंत्र डावीकडे नेलं. उजवीकडे नेलं. खाली दाबलं.

"शेवटची पाळी कधी आली होती?"

दीपाने तारीख सांगितली. बाईंनी ती लिहिली नाही. त्यांचे ओठ हलत होते. सुधीरला आधी वाटलं, त्या देवाचं नाव घेताहेत. मग कळलं की त्या मोजताहेत.

थोड्या वेळाने त्यांनी मोजणं सोडून दिलं.

"मॅडम, ठोका लागला न्हवं?" दीपाने विचारलं.

"लागला," बाई म्हणाल्या. "ठोके लागतायत."

सुधीर स्टुलावरून उठला. पडद्यावर काळोख होता. या कडेपासून त्या कडेपर्यंत पांढरे ठिपके होते, चपटे, वाकडे, एकमेकांना खेटून, आणि प्रत्येक ठिपका आपापल्या चालीने लुकलुकत होता.

त्याच्या घशात आंबट पाणी आलं. ते त्याने गिळलं.

बाईंनी दाराशी जाऊन नर्सला मोठ्या डॉक्टरांना बोलवायला सांगितलं. आवाज अगदी हलका होता. यंत्राने आपल्या सवयीने चिठ्ठी बाहेर टाकली. ती दीपाच्या हाताशी पडली. तिने ती उचलून उजेडात धरली, आणि हनुवटीवरच्या तिळासकट तिचा सगळा चेहरा फुलला. डाव्या खालच्या कोपऱ्यात तिने बोट ठेवलं.

"अवो, हे बघा की," ती म्हणाली. "आत्याबाईंच्या गोंदणावानी."